नाव शांतिसेनेचं, पदक युद्धाचं

५ एप्रिल २०२५ ला पंतप्रधानांनी कोलंबोजवळच्या बट्टारामुल्ला इथल्या एका स्मारकावर पुष्पचक्र वाहिलं. स्मारक भारतीय जवानांचं, जमीन श्रीलंकेची. ती दृश्यं पाहून विशी-पंचविशीतल्या मुलांना प्रश्न पडणं साहजिक आहे: आपली फौज तिथं कधी लढली? आणि थोडं शोधलं की दुसरा, जास्त अवघड प्रश्न समोर येतो. जी फौज ‘शांतिसेना’ म्हणून गेली, तिच्यातल्या एका मेजरला परमवीर चक्र कसं मिळालं? परमवीर चक्राची अटच आहे की शौर्य शत्रूच्या समोर गाजवलेलं असावं. शांतीच्या कामात शत्रू आला कुठून?

हा प्रश्न ग्वाल्हेरात विचारला जायला हवा. आपल्या लश्कर भागाचं नावच दौलतराव शिंद्यांच्या फौजेच्या तळावरून पडलं आहे. मुरार जुनी छावणी, आणि भिंड-मुरैन्याच्या गावागावांतून आजही मुलं भरतीला येतात. शिवाय या सगळ्या प्रकरणात आकाशातून पहिलं पाऊल पडलं ते ग्वाल्हेरच्या विमानांचं. ४ जून १९८७ ला भारताच्या पाच एएन-३२ मालवाहू विमानांनी श्रीलंकेच्या उत्तरेतल्या तमिळबहुल जाफनावर अन्नधान्य आणि औषधं टाकली. त्यांच्या संरक्षणाला मिराज-२००० ही लढाऊ विमानं होती. ती विमानं १९८५ मध्ये ताफ्यात आल्यापासून त्यांचं घर म्हणजे आपला महाराजपूरचा हवाई तळ. बंगळूरहून झेपावलेल्या त्या उड्डाणाने कोलंबोला जो इशारा मिळाला, त्यातून आठ आठवड्यांत करार झाला.

शांतिसेना म्हणजे काय

शांतिसेना दोन भांडणाऱ्यांच्या मध्ये उभी राहते. तिच्यामागे तीन गोष्टी लागतात. दोन्ही बाजूंनी तिला ‘या’ म्हटलेलं असावं, तिने कुणाचीही बाजू घेऊ नये, आणि स्वतःचा जीव वाचवण्यापलीकडे बळ वापरू नये. संयुक्त राष्ट्रांच्या निळ्या टोप्या याच तत्त्वावर चालतात. श्रीलंकेत गेलेली फौज मात्र संयुक्त राष्ट्रांची नव्हती. ती भारत आणि श्रीलंका या दोन सरकारांच्या करारातून गेली. २९ जुलै १९८७ ला कोलंबोत पंतप्रधान राजीव गांधी आणि श्रीलंकेचे राष्ट्राध्यक्ष जयवर्धने यांनी त्यावर सह्या केल्या.

करार थोडक्यात असा. श्रीलंकेची फौज छावणीत परतेल, तमिळ गटांनी हत्यारं खाली ठेवावीत, तमिळबहुल उत्तर आणि पूर्व प्रांत एकत्र करून त्यांना काही अधिकार मिळतील, आणि हे पार पडेल याची हमी भारत घेईल. ऐकायला सरळ वाटतं. पण ज्यांच्या हातात बंदुका होत्या त्या लिट्टेची, म्हणजे वेगळ्या तमिळ राष्ट्रासाठी लढणाऱ्या प्रभाकरनच्या संघटनेची, या कागदावर सहीच नव्हती.

वाड्याची वाटणी डोळ्यांपुढे आणा. मोठा भाऊ आणि पंच दिवाणखान्यात बसून कागद करतात. धाकट्याचा तरणा मुलगा काठी घेऊन ओसरीवर बसलेला, त्याला फक्त ‘हो म्हण’ एवढंच सांगितलेलं. आणि वर पंचाने मोठ्याला शब्द दिलेला की पोराच्या हातातली काठी मी काढून घेईन. त्या क्षणी पंच पंच राहत नाही. फक्त हे त्याला स्वतःला उशिरा कळतं.

आपण गेलोच कशाला?

जुलै १९८३ मध्ये श्रीलंकेत तमिळांविरुद्ध भीषण दंगली झाल्या. लाखाहून अधिक निर्वासित समुद्र ओलांडून तमिळनाडूत आले, आणि तिथल्या जनतेचा दिल्लीवर दबाव वाढला. दुसरं कारण श्रीलंकेतल्या त्रिंकोमालीचं खोल, नैसर्गिक बंदर. तिथं दुसऱ्या मोठ्या सत्तेने पाय रोवू नये, ही दिल्लीची जुनी काळजी. आणि तिसरी गोष्ट सांगायला अवघड असली तरी लपवण्यासारखी नाही: त्याआधीची काही वर्षं भारतानेच तमिळ गटांना प्रशिक्षण आणि हत्यारं दिली होती. म्हणजे ओसरीवरच्या पोराला काठी फिरवायला पंचाच्याच घरी शिकवलेलं होतं.

ऑगस्टच्या सुरुवातीला लिट्टेने थोडी हत्यारं जमा केली. सप्टेंबरात त्यांचा कार्यकर्ता तिलीपन भारताविरुद्ध मागण्या घेऊन उपोषणाला बसला आणि २६ तारखेला त्यातच मरण पावला. ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात श्रीलंकेच्या नौदलाने लिट्टेची माणसं पकडली, त्यांतल्या बाराजणांनी जाफनाजवळच्या पलालीच्या तळावर सायनाइड घेऊन जीव दिला. त्यानंतर आठवड्याच्या आत भारतीय फौज जाफना घेण्यासाठी निघाली. मोहिमेचं नाव ‘ऑपरेशन पवन’. जुलैअखेर ज्यांच्या गळ्यात लोकांनी हार घातले, त्याच जवानांवर ऑक्टोबरात त्याच गल्ल्यांतून गोळ्या आल्या.

जवानाच्या हातात काय होतं

पलालीच्या धावपट्टीपासून जाफना शहर जेमतेम १६ किलोमीटर, आपल्या महाराज बाड्यापासून मुरारला जाऊन यावं साधारण एवढंच. तेवढ्यासाठी दोन आठवड्यांहून जास्त लागले. का लागले, हे कळायला जवानाच्या खांद्यावरची बंदूक बघावी लागते.

त्याच्याकडे होती ७.६२ मिलिमीटरची एसएलआर, सेल्फ लोडिंग रायफल. वजन साधारण साडेचार किलो, मॅगझिनमध्ये २० गोळ्या, आणि प्रत्येक गोळीला घोडा वेगळा ओढायचा. लांब पल्ल्याच्या, मोकळ्या मैदानातल्या लढाईला ती उत्तम. समोर लिट्टेकडे एके-४७, मॅगझिनमध्ये ३० गोळ्या, घोडा दाबून धरला की सलग मारा. एसएलआरच्या शंभर गोळ्यांचं वजन सुमारे २.४ किलो, एके-४७ च्या शंभरांचं १.६. म्हणजे तेवढंच ओझं घेऊन समोरच्या पोराजवळ दीडपट गोळ्या. जाफना म्हणजे चिंचोळ्या गल्ल्या, ताडाच्या झावळ्यांची कुंपणं, त्यामागे घरं. दिसायचं अंतर वीस-तीस पावलं. तिथं लांब पल्ला काय कामाचा? पुढे काही तुकड्यांना एके-४७ देण्यात आल्या, पण पहिले दिवस असेच गेले.

त्यात हात बांधलेले. वस्तीचं नुकसान होऊ नये म्हणून सुरुवातीला तोफखाना आणि हवाई मारा यांच्यावर कडक मर्यादा होत्या. फौजेच्या भाषेत याला ‘कमीत कमी बळ’ म्हणतात. पोलिसाला हे शिकवलेलं असतं. पायदळाला पाकिस्तान किंवा चीनच्या सीमेवर समोरची चौकी उद्ध्वस्त करायला शिकवलेलं असतं. एका सवयीच्या माणसाला रातोरात दुसऱ्या सवयीत घातलं की तो एक तर फार उशिरा गोळी झाडतो, नाहीतर फार लवकर. श्रीलंकेत दोन्ही घडलं.

११ आणि १२ ऑक्टोबरच्या मधल्या रात्री जाफना विद्यापीठाच्या मैदानावर हेलिकॉप्टरमधून जवान उतरवले गेले. बेत होता लिट्टेच्या नेत्यांना अचानक गाठायचा. लिट्टेने भारतीय फौजेचा बिनतारी संदेश आधीच ऐकलेला होता. शीख लाइट इन्फन्ट्रीच्या १३ व्या पलटणीची ३० जणांची तुकडी उतरली आणि एकटी पडली, कारण पुढच्या हेलिकॉप्टरांना तुफान माऱ्यात उतरताच येईना. २९ जण तिथंच गेले, एक कैद झाला. नकाशे जुने, खबर अपुरी, संदेश उघडे. या तीनपैकी एकही चूक त्या तीस जणांची नव्हती.

वेढा आणि झडती

शहर हाती आल्यावर सुरू झालं ते रोजचं काम, आणि खरी झीज त्यात झाली. त्याची रीत अशी. पहाटेच्या अंधारात गावाभोवती बाहेरचं कडं घालायचं, कुणी आत-बाहेर होणार नाही असं. उजाडल्यावर दुसरी तुकडी घरोघर जाऊन झडती घेणार. पुरुषांना शाळेच्या नाहीतर देवळाच्या पटांगणात रांगेत बसवायचं. मग तोंडावर गोणपाट ओढलेला एक खबऱ्या समोर आणायचा. तो बोलत नाही, फक्त मान हलवतो. मान हलली की माणूस बाजूला.

यात काय चुकतं ते उघड आहे. खबऱ्या जुनं वैरही काढू शकतो, भीतीने कुणाकडेही बघून मान हलवू शकतो. तमिळ समजणारे जवान मोजके, दुभाषे त्याहून कमी. दारात उभी बाई काय सांगतेय, तिचा मुलगा शाळेत आहे की जंगलात, हे भिंडच्या किंवा साताऱ्याच्या जवानाला कळणार कसं? त्याला फक्त तिचा चढलेला आवाज कळायचा.

गस्तीचा धोका रस्त्यात पुरलेला असायचा. मोऱ्यांखाली, डांबराखाली सुरुंग, आणि दूर कुंपणामागे बसून तो उडवणारा माणूस. म्हणून गाडीने जायचं टाळून पायी, दोघांत पाच-सात पावलांचं अंतर ठेवून चालायचं, म्हणजे एका स्फोटात सगळे जाणार नाहीत. सुरुंगात पाय गेलेले अनेकजण पुढे पुण्याच्या कृत्रिम अवयव केंद्रात आले. दुसऱ्या महायुद्धातल्या जखमींसाठी १९४४ मध्ये उभं राहिलेलं हे केंद्र १९८७ नंतर पुन्हा तरुण मुलांनी भरलं.

अशाच एका झडतीवरून परतताना, २५ नोव्हेंबर १९८७ च्या रात्री, महार रेजिमेंटच्या ८ व्या पलटणीचे मेजर रामस्वामी परमेश्वरन यांच्या तुकडीवर घात लावलेला होता. त्यांनी वळसा घालून घात लावणाऱ्यांनाच मागून गाठलं. हातघाईत छातीत गोळी लागली, तरी मारणाऱ्याची रायफल हिसकावून त्यालाच टिपलं, आणि शेवटपर्यंत हुकूम देत राहिले. ज्यांच्यावर मात केली ते सरकारी कागदांत ‘अतिरेकी’ होते; पदकाच्या नियमात ‘शत्रू’. महार रेजिमेंटचं केंद्र आपल्याच राज्यात, सागरला आहे. याआधीही हे एकदा घडलं होतं. ५ डिसेंबर १९६१ ला काँगोत संयुक्त राष्ट्रांच्या निळ्या झेंड्याखाली लढताना कॅप्टन गुरबचनसिंग सलारिया गेले, त्यांनाही परमवीर चक्रच मिळालं. पदक देणाऱ्याने मोहिमेच्या नावाकडे पाहिलं नाही, त्या रात्री समोर काय होतं ते पाहिलं. तेच बरोबर होतं.

आणि ज्यांच्या दारात हे घडलं ते?

ही बाजू टाळून लिहिलेला लेख अर्धा असतो. ऑक्टोबर १९८७ मध्ये, ऐन दिवाळीत, जाफनाच्या इस्पितळात भारतीय जवानांच्या गोळीबारात रुग्ण, डॉक्टर आणि परिचारिका मिळून साठाच्या वर माणसं मेली. ऑगस्ट १९८९ मध्ये वल्वेट्टितुराईत आपल्या गस्तीवर हल्ला झाला, त्यानंतर तितकेच नागरिक मारले गेले. तिथल्या तमिळ कुटुंबांसाठी शांतिसेना या शब्दाचा अर्थ तो आहे. हे म्हटलं की काहीजण दुखावतात: म्हणजे आपल्या जवानांचा अपमान करायचा का? नाही. परमेश्वरन यांचं शौर्य आणि इस्पितळातले मृत्यू एकाच मोहिमेत घडले, दोन्ही खरे आहेत, आणि एकाने दुसरं पुसलं जात नाही. अपमान होतो तो जवानाकडून पोलिसाचं, सैनिकाचं आणि दुभाष्याचं काम एकाच वेळी मागून नंतर त्याच्याकडे पाठ फिरवण्यात.

पत्त्यात गाव नसतं

आता घराकडे येऊ. १९८७ मध्ये मोबाइल नव्हता, लांबचा फोन करायचा तर ट्रंक कॉल लावून बसायचं. घर आणि जवान यांच्यातला धागा म्हणजे टपाल.

फौजेच्या पत्त्याची रचना अशी: नंबर, हुद्दा, नाव, पलटण, आणि शेवटी ‘मार्फत ५६ एपीओ’ किंवा ‘मार्फत ९९ एपीओ’. एपीओ म्हणजे आर्मी पोस्ट ऑफिस. गाव नाही, जिल्हा नाही, देश नाही. महाराज बाड्यावरच्या मोठ्या पोस्टात टाकलेलं पत्र आधी दिल्लीच्या किंवा कलकत्त्याच्या मध्यवर्ती तळ-टपाल कार्यालयात जायचं. कोणती पलटण सध्या कुठं आहे याची यादी फक्त तिथं. तिथून थैली फील्ड पोस्ट ऑफिसला, आणि मग पलटणीत. हे मुद्दाम केलेलं आहे, पत्त्यावरून फौजेच्या हालचाली कुणाला कळू नयेत म्हणून. पण घरच्यांसाठी याचा अर्थ असा, की नवरा पंजाबात असो की लंकेत, पाकिटावर एकच आकडा. काय लिहायचं नाही तेही ठरलेलं. मग पत्रात ‘इकडे सर्व ठीक, पाऊस बरा’ एवढंच. घरचे पाऊस कुठला असेल यावरून अंदाज बांधणार.

मनीऑर्डरचं तर आणखी वेगळं. जवान पगाराचा ठराविक भाग ‘फॅमिली अलॉटमेंट’ म्हणून घरी लावून द्यायचा. ती रक्कम त्याच्या हातून येत नसे, रेजिमेंटच्या पगार कार्यालयातून दरमहा आपोआप निघायची. त्यामुळे ‘पैसे आले म्हणजे तो बरा आहे’ हा हिशेब चुकीचा असायचा. वाट पाहायची ती पत्राची.

त्या वर्षी दर रविवारी सकाळी दूरदर्शनवर रामकथा चालायची, गल्ल्या ओस पडायच्या. लहान मुलांच्या तोंडी लंका म्हणजे सोन्याची, रावणाची. ज्या घरातला माणूस खरोखर लंकेत होता, त्या घराने हा शब्द कसा ऐकला असेल!

तार कशी यायची

जवान पडला की पलटण रेजिमेंटच्या रेकॉर्ड ऑफिसला संदेश पाठवते. मराठा लाइट इन्फन्ट्रीचं रेकॉर्ड ऑफिस बेळगावला, महारचं सागरला, राजपूतचं फतेहगढला. तिथं प्रत्येकाची नोंद असते, आणि त्यात ‘नेक्स्ट ऑफ किन’, म्हणजे सर्वांत जवळचा वारस, कोण आणि कुठं राहतो ते लिहिलेलं. त्या पत्त्यावर तार जायची. काही दिवसांनी कमांडिंग ऑफिसरचं पत्र, मग सामानाची पेटी.

इथं एक अडचण हमखास यायची, आणि आजही येते. भरतीच्या वेळी मुलगा अविवाहित असतो, म्हणून वारस म्हणून वडिलांचं आणि विम्याला आईचं नाव लिहितो. लग्न होतं, कागद बदलायचे राहतात. मग तार गावी जाते आणि बायको शहरात भाड्याच्या खोलीत, तिला तिसऱ्याकडून कळतं. पैशांचंही तसंच. पेन्शन नियमाने पत्नीला मिळते, पण गटविम्याची रक्कम नामांकनात ज्याचं नाव त्याला. एकाच मरणाचे पैसे दोन चुलींत वाटले जातात, आणि सासू-सुनेत कायमची भिंत उभी राहते. सुट्टीवर आलेल्या मुलाला पहिल्या आठवड्यात विचारण्यासारखी एखादी गोष्ट असेल तर ही: नामांकन बदललंस का?

बरेचदा पार्थिवही येत नसे. तिरंग्यात लपेटलेलं पार्थिव गावात आणून अंत्यसंस्कार करण्याची रीत कारगिलपासून, म्हणजे १९९९ नंतर रुळली. श्रीलंकेत पडलेल्या अनेकांना अग्नी तिकडेच दिला गेला. गावाने मिरवणूक पाहिली नाही, म्हणून गावाच्या आठवणीत ते युद्ध शिरलंच नाही.

देशात दोन तट, मग रस्त्यावर वणवा का नाही?

व्हिएतनामच्या वेळी अमेरिका पेटली. तिथं सक्तीची भरती होती. १ डिसेंबर १९६९ ला तर जन्मतारखांच्या चिठ्ठ्या काढून कोणी जायचं ते ठरवलं. कॉलेजातल्या प्रत्येक मुलाच्या घरी ती चिठ्ठी येऊ शकत होती, म्हणून प्रत्येक घर बोललं. आपली फौज स्वेच्छेची. ज्यांची मुलं गेली ती घरं ठराविक पट्ट्यांतली, आणि ती सहसा सरकारशी भांडत नाहीत. बाकीच्यांना ती बातमी होती, चिंता नव्हती. त्याच वर्षी बोफोर्स तोफांच्या लाचखोरीचं प्रकरणही गाजत होतं, वर्तमानपत्रांचं पहिलं पान त्यानेच व्यापलेलं.

भांडण होतं ते तमिळनाडूत. तिथं अनेकांना वाटत होतं, आपलीच फौज आपल्याच रक्ताच्या माणसांवर गोळ्या झाडतेय. श्रीलंकेच्या दक्षिणेत सिंहली तरुण नेमकं उलट म्हणत होते, की भारताने आमचा देश बळकावला. जानेवारी १९८९ मध्ये प्रेमदासा राष्ट्राध्यक्ष झाले आणि त्यांनी शांतिसेनेला जायला सांगितलं. इतकंच नव्हे, त्यांच्या सरकारने लिट्टेला हत्यारं पुरवली, ती वापरली गेली आपल्या जवानांवर. म्हणजे ज्याने बोलावलं त्याच घराने समोरच्याला काठी दिली. डिसेंबर १९८९ मध्ये दिल्लीत सरकार बदललं. शेवटची तुकडी २४ मार्च १९९० ला त्रिंकोमालीहून निघाली. मद्रासच्या बंदरावर परतीचं स्वागत झालं तेव्हा राज्याचे मुख्यमंत्री करुणानिधी आले नाहीत. तोवर काश्मीर पेटलेलं. घरी चार दिवस नीट झोप मिळायच्या आत काही पलटणी तिकडे निघाल्या.

एका टप्प्याला ७० हजारांहून अधिक जवान तिथं होते. साडेअकराशेहून जास्त परतले नाहीत, जखमी तीन हजारांच्या वर. ‘मग आपण हरलो का?’ असं विचारणाऱ्याला सरळ उत्तर द्यायचं तर असं: शहरं घेतली, निवडणुका घडवल्या, पण हत्यारं खाली ठेवायला लावण्याचं जे काम होतं ते झालं नाही. २१ मे १९९१ ला श्रीपेरुंबुदूरला लिट्टेने राजीव गांधींची हत्या केली. फौजेने काय करायचं हे राज्यकर्त्यांनी ठरवलं नाही, तर फौज कितीही शूर असो, तिला जिंकायला काहीच उरत नाही.

पेन्शनच्या कागदावर ते युद्धच

सरकारने नाव शांतीचं ठेवलं, पण हिशेबाच्या वह्या तसं मानत नाहीत, आणि हे घरच्यांना माहीत असायला हवं. मृत्यू कशाने झाला त्यावर कुटुंबाच्या पेन्शनचा दर ठरतो. शेवटचा पगार १०० रुपये धरा. नैसर्गिक कारणाने मृत्यू असेल तर साधारण कुटुंब पेन्शन ३० रुपये, सुरुवातीची काही वर्षं वाढीव दराने. सेवेशी संबंधित कारणाने असेल तर विशेष पेन्शन ६०. आणि युद्धात किंवा युद्धासारख्या परिस्थितीत असेल तर उदार कुटुंब पेन्शन, पूर्ण १००. या शेवटच्या वर्गात परदेशातल्या शांतिमोहिमेत कारवाई करताना आलेला मृत्यूही धरला आहे.

म्हणून जुन्या ट्रंकेत कागद शोधताना आधी पाहायचं ते मृत्यूचं कारण कोणत्या शब्दांत नोंदलं आहे. ‘बॅटल कॅज्युअल्टी’ लिहिलंय की नुसतं ‘फिजिकल कॅज्युअल्टी’, या दोन शब्दांतलं अंतर म्हणजे वर सांगितलेलं ३०, ६० आणि १०० चं अंतर. मग पेन्शनचा आदेश, म्हणजे पीपीओ, आणि डिस्चार्ज बुक किंवा सेवेची नोंद. नावाचं स्पेलिंग, जन्मतारीख आणि लग्नाची नोंद या तिन्ही ठिकाणी आणि आधारवर एकसारखी हवी. ‘सुमन’ एका कागदावर ‘सुमनबाई’ असेल तर ‘स्पर्श’ या संगणकीय पेन्शन व्यवस्थेत तिथंच गाडी अडते. दुरुस्तीचा अर्ज जातो रेजिमेंटच्या रेकॉर्ड ऑफिसला, बँकेला नाही, आणि त्यावर जवानाचा नंबर नसेल तर तो पुढे सरकत नाही. मदतीला जिल्हा सैनिक कल्याण कार्यालय आहे. जाताना मूळ कागद हातात ठेवायचे, द्यायच्या त्या प्रती, आणि आपल्या प्रतीवर पोचचा शिक्का घ्यायचा.

दिल्लीत २५ फेब्रुवारी २०१९ ला उघडलेल्या राष्ट्रीय युद्धस्मारकात पडलेल्या प्रत्येक जवानाच्या नावाची दगडी वीट आहे, श्रीलंकेत गेलेल्यांचीही. ग्वाल्हेरहून सकाळच्या गाडीने जाऊन रात्री परत येता येतं. सोबत पलटणीचं नाव, नंबर आणि वर्ष लिहून न्या. गोल भिंतींवर हजारो नावं आहेत, आणि एकाच नावाचे अनेकजण.